शांततेची तक्रार

नाशिकला गेले की लग्नकार्यात कुणीतरी मला गाठतंच. "जर्मनीत नेमकं काय करतेस गं तू?" मी सांगते, "बंधारे पाडते." समोरची व्यक्ती आधी हसते. मी थट्टा करत नाही हे लक्षात आलं की हळूच बाबांकडे बघते, कारण बाबांची सगळी नोकरी पाटबंधारे खात्यात गेली. कोल्हापुरी बंधाऱ्यांपासून मोठ्या धरणांच्या सांडव्यांपर्यंत कितीतरी कामं त्यांनी उन्हातान्हात उभं राहून करून घेतली. बाबा खुर्चीतून न उठता म्हणतात, "आम्ही बांधायचं, हिनं पाडायचं. घरात कुणाला काम म्हणून कमी पडत नाही."

धरण म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे कोयना किंवा जायकवाडी उभी राहिली असेल. ती आधी बाजूला ठेवा. माझे बंधारे कमरेएवढे, फार तर पुरुषभर उंचीचे. आखनला मी शिकायला आले आणि तिथलीच होऊन गेले. आखनच्या दक्षिणेला आयफेलचे डोंगर आहेत. तिथून निघणाऱ्या लहानशा नद्यांवर लोकांनी शेकडो वर्षं बंधारे घातले. पिठाच्या गिरण्या, लाकूड कापायच्या गिरण्या, लोखंड ठोकायचे घण, सगळं पाण्याच्या चाकावर चालायचं. चाकं केव्हाच थांबली. बंधारे मात्र तसेच राहिले, आणि प्रत्येक बंधाऱ्यामागे साचलेलं संथ, गढूळ, कोमट पाणी.

आता यात बिघडलं काय? सामन माशाचं बिघडलं. हा मासा जन्मतो डोंगरातल्या थंड गोड्या पाण्यात, वाळू-खड्यांच्या तळाशी. बोटभर झाला की समुद्राकडे निघतो, पार ग्रीनलंडच्या बाजूला जाऊन धष्टपुष्ट होतो, आणि अंडी घालायची वेळ आली की वासावरून स्वतःची नदी शोधत परत येतो. पहिलटकरणीनं बाळंतपणाला माहेरी यावं, तशातला प्रकार. आणि माहेरच्या दारात बघते तर भिंत. इथल्या नद्यांमधून सामन कधीच नाहीसा झाला होता. मग लोकांना उपरती झाली, पिल्लं आणून सोडायला सुरुवात झाली, आणि काही वर्षांनी त्यातली थोडी मोठी होऊन खरंच परत आली. आली ती थेट भिंतीवर आपटायला. माशांसाठी कडेनं पायऱ्या बांधून बघितल्या, त्या काहींना सापडतात, बऱ्याच जणांना सापडत नाहीत. म्हणून मग भिंतच काढायची आणि त्या जागी दगडांचा एक सौम्य, लांब उतार करायचा, ही आमची विद्या.

प्रत्यक्ष पाडणं हा यातला सगळ्यात सोपा भाग. पोकलेन आला की दिवसाभरात काम होतं. अवघड असतात माणसं. एका मच्छीमार मंडळाच्या अध्यक्षांना नदीत सामनही हवा होता आणि बंधाऱ्यामागच्या डबक्यातला कार्पही. पाण्यात राहून माशाशी वैर करू नये म्हणतात, हे गृहस्थ दोन माशांशी एकदम मैत्री करायला निघाले होते. दुसरे एक आजोबा माझ्या प्रत्येक सभेला यायचे. पहिल्या सभेत त्यांना भीती होती की बंधारा गेला तर त्यांच्या तळघरात पाणी शिरेल. दुसऱ्या सभेत भीती होती की तळघर कोरडं पडून भिंतींना तडे जातील. तिसऱ्या सभेत त्यांनी उभं राहून विचारलं, "फ्राऊ मोघे, तुमच्या देशात पाणी अडवतात आणि इथे येऊन आम्हाला सोडायला सांगता?" मी म्हटलं, "गेनाऊ, अगदी बरोबर. जिथे आठ महिने पाऊस नसतो तिथे अडवतात." सभागृह हसलं. आजोबाही हसले, आणि पुढच्या सभेला आपल्या बागेतली सफरचंदं घेऊन आले.

माझ्या उंचीचीही एक गंमत आहे. नदीत उतरायला आम्ही छातीपर्यंत येणारी रबरी विजार घालतो. ती बनवतात जर्मन पुरुषांच्या मापानं. पहिल्या दिवशी मी ती चढवली तर माझी फक्त टोपी बाहेर. आमच्या ऑफिसातली जीवशास्त्रज्ञ युटा, जी पुढे माझी जिवाची मैत्रीण झाली, तिनं मला बघितलं आणि नदीच्या काठावर बसून पोट धरून हसली.

पण मला सांगायचं आहे ते लेनार्ट्सबाईंबद्दल.

लेनार्ट्सबाई एका जुन्या गिरणीत एकट्या राहायच्या. वय ऐंशीच्या पुढे, पाठ ताठ, घरात कायम निळा एप्रन. गिरणी त्यांच्या नवऱ्याची, युपची, आणि त्याच्या आधी त्याच्या बापाआजाची. झोपायच्या खोलीच्या खिडकीखाली नदी आणि खिडकीसमोरच बंधारा. लग्न होऊन त्या घरात आल्या त्या दिवसापासून पाणी त्या भिंतीवरून धो धो कोसळत होतं. युप जाऊन तीन वर्षं झाली होती. मुलगा र्युसेल्सहाइमला मोटारींच्या कारखान्यात इंजिनियर. बंधाऱ्याचा हक्क बाईंच्या नावावर होता. त्या नाही म्हणाल्या असत्या तर आम्ही काहीही करू शकलो नसतो.

मी नकाशे घेऊन त्यांच्याकडे गेले. त्यांनी कॉफी केली, नकाशावरून बोट फिरवत सगळं ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला.

"आवाज कमी होईल का मग?"

मी तर खूशच झाले. "कमी? जवळजवळ बंदच होईल. खिडक्या उघड्या टाकून झोपा."

जर्मनीत राहिलेल्यांना मी काय सांगू! हा शांततेसाठी कायदे करणारा देश. दुपारी गवत कापायचं नाही, रविवारी भिंतीला खिळा मारायचा नाही, काचेच्या बाटल्या कचऱ्याच्या डब्यात टाकायच्या त्याही वारवेळ बघून. आमच्या माहितीपत्रकात बंधारा पाडण्याचे फायदे लिहिले होते, त्यात माशांच्या खालोखाल नंबर होता शांततेचा. त्यामुळे बाई गप्प झाल्या तेव्हा मला वाटलं, समाधानानं झाल्या.

थोड्या वेळानं त्या म्हणाल्या, "शेवटच्या वर्षी युप रोज त्या भिंतीपाशी जाऊन उभा राहायचा. ते मोठाले मासे उडी मारायचे, आपटायचे, परत मारायचे. त्याला ते बघवायचं नाही. मला म्हणायचा, आपण यांच्या वाटेत उभे आहोत." आणि त्यांनी सही केली.

पुढच्या उन्हाळ्यात काम निघालं. तेव्हा बाबा आखनला माझ्याकडे आले होते. आई गेल्यानंतरची त्यांची ही पहिलीच खेप. दिवसभर घरात एकटे बसून कंटाळायचे. माझी मुलगी त्यांच्याशी मराठी समजून जर्मनमध्ये बोलायची आणि ते जर्मन न समजता मराठीत उत्तर द्यायचे, दोघांचं बरं चाललं होतं. पण ती कॉलेजला गेली की घर खायला उठायचं. म्हणून मी म्हटलं, "बाबा, चला साइटवर."

"धरण फोडताना बघायला? आयुष्यभर काय म्हणून नोकरी केली मी?" असं म्हणत त्यांनी कानटोपी शोधली आणि माझ्या आधी जाऊन गाडीत बसले.

पाडण्याआधी मागचं पाणी बंधाऱ्यातल्या झडपेतून हळूहळू खाली सोडावं लागतं, त्याचा धो धो आवाज चालूच राहतो. पातळी उतरायला लागली की चिखल उघडा पडतो, आणि त्या चिखलात जीव असतात. शिंपले, आणि गांडुळासारखी दिसणारी, डोळे न फुटलेली एका जातीच्या माशाची पिल्लं. ती वर्षानुवर्षं गाळातच वाढतात. पाणी गेलं की ती उन्हात मरणार, म्हणून एकेक वेचून बादलीत घालून वरच्या अंगाला सोडायची. गावातली निम्मी माणसं बादल्या घेऊन आली होती. तळघराचे आजोबाही आले होते. बाबा काठावर उभे राहून बघत होते. थोड्या वेळानं त्यांनी पँट गुडघ्यापर्यंत दुमडली.

"बाबा, तुम्ही नका उतरू, घसराल."

"गाळात उतरायला तू शिकवणार मला?" ते म्हणाले, आणि एका जर्मन बाईच्या हातातली बादली घेऊन चालायला लागले.

नंतर त्यांनी उघड्या पडलेल्या बंधाऱ्याच्या दगडांवरून हात फिरवला. "काम चांगलं केलंय गं. सांधे बघ. कुणी केलं असेल त्याला हौस होती." मला उगाचच वाईट वाटलं. मी बांधणाऱ्याची मुलगी आहे, चांगलं बांधकाम माझ्याही हातानं पाडवत नाही. हे मी ऑफिसात कधी बोलले नाही.

लेनार्ट्सबाई मात्र बाहेर आल्या नाहीत. पोकलेन चालवायला पेटर्स होता, कोलोनकडचा, जाडजूड, मशीनच्या दातानं अंडं उचलेल इतका हात हलका. त्यानं मशीन सुरू केलं तेव्हा बाई स्वयंपाकघरात खिडकीकडे पाठ करून आलुबुखारांतल्या बिया काढत बसल्या होत्या. केक करायचा होता म्हणे, सगळ्यांसाठी. बाबा हातपाय धुवायला आत गेले आणि त्यांच्यासमोरच बसले. एकमेकांची भाषा येत नव्हती. बाईंनी एक सुरी त्यांच्यापुढे सरकवली. मी काचेतून बघितलं तर दोघं न बोलता बिया काढत होते.

पहिल्यांदा कडेचा एक दगड निघाला, मग तीन-चार, मग मधला भाग एकदम गेला. पाणी खाली न कोसळता वाहायला लागलं. आणि आवाज थांबला. आपल्याकडे लाइट गेली की पंखा थांबतो आणि माणूस दचकून जागा होतो ना, अगदी तसं झालं. मग टाळ्या. युटानं मला मिठी मारली. बाई दारात आल्या. हाताला आलुबुखारांचा लाल रस. त्यांनी इकडेतिकडे बघितलं, जणू कुणीतरी हाक मारली होती आणि कोण ते कळत नव्हतं. मग आत गेल्या आणि केक भट्टीत ठेवला.

दगडांचा उतार करून, काठ सारखे करून आम्ही सामान आवरलं. काम सुबक झालं होतं. वर्तमानपत्रात फोटो आला.

सप्टेंबर संपता संपता बाईंचा फोन आला. "फ्राऊ मोघे, मला तक्रार करायची आहे. इथे फार शांत आहे."

आमच्या ऑफिसात तक्रारी येतात त्या आवाजाच्या, धुळीच्या, चिखलाच्या. प्रत्येकीसाठी काय करायचं हे ठरलेलं आहे. पोकलेनचा आवाज किती होईल याचा आम्ही तज्ज्ञाकडून अहवालसुद्धा करून घेतला होता. जो आवाज निघून जाणार होता त्याचा विचार कुणाच्याही डोक्यात आला नव्हता. शांततेची तक्रार कशात घालायची हे माझ्या सहकाऱ्याला कळेना. तो हसला. हसू मलाही आलं, खोटं कशाला बोलू.

दुसऱ्या दिवशी मी बाबांना घेऊन गेले. बाई दोन महिन्यांत खूप उतरल्या होत्या. म्हणाल्या, झोप येत नाही. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, त्यानं दिवसा झापड येते, परवा जिन्यावर तोल गेला. मुलगा काळजीत आहे. त्यानं त्याच्या घराजवळच्या वृद्धाश्रमात चौकशी केली आहे, एक खोली उन्हाळ्यात रिकामी होईल. "आई, त्या घरात तुला झोपच येत नसेल तर राहून काय करणार, असं तो म्हणतो. आणि बरोबर आहे त्याचं." त्या एप्रनची कडा बोटाला गुंडाळत होत्या. "मला जायचं नाहीये, फ्राऊ मोघे."

मी सवयीनं उपाय सांगायला लागले. कानात घालायचे बोळे, समुद्राचा आवाज काढणारं यंत्र. बाई सभ्यपणे मान हलवत होत्या. बाबांनी मला मराठीत विचारलं, काय म्हणतात. मी सांगितलं.  निघताना त्यांनी बाईंचा हात दोन्ही हातांत धरला, बराच वेळ.

परतीच्या वाटेवर गाडीत म्हणाले, "वृंदे, तुला आठवतं, मी स्वयंपाकघरात रेडिओ चालू ठेवतो म्हणून तू फोनवर ओरडतेस?"

"हो, किती मोठ्यांदा लावता तुम्ही. काही ऐकू येत नाही बोललेलं."

"मला ऐकायला व्यवस्थित येतं. रेडिओ चालू असला की आत कुणीतरी आहे असं वाटतं. तुझी आई गाणी लावून पोळ्या करायची. बाहेरच्या खोलीत पेपर वाचत बसलं की आत ती आहे की नाही हे काही कळत नाही. मला ते कळायलाच नको असतं." मग म्हणाले, "त्या बाईंच्या घरात पाण्याचा एवढा आवाज. नवरा बाहेर भिंतीपाशी उभा आहे की नाही, हे ऐकूच यायचं नाही. म्हणजे तो तिथे असू शकायचा. आता सगळं ऐकू येतं. तो नाहीये हेही."

मला पुढचा रस्ता दिसेना. गाडी बाजूला घेतली. दोन वर्षं मी या माणसाला रेडिओ बारीक करायला सांगत होते, कान तपासून घ्या म्हणून मागे लागले होते. मला फार रडू आलं. बाबा म्हणाले, "अगं, रडतेस काय? दगड टाकता येतील का तिथे, ते बघ."

पाण्याचा आवाज म्हणजे काय, तर पाणी पडणं आणि त्यात हवा मिसळणं. माशांना नेमकं तेच नको असतं. खिडकीखाली तीन मोठे दगड असे बसवायचे की पाणी त्यांच्यावरून आपटत जाईल, असा कागद मी युटापुढे ठेवला तेव्हा ती चिडलीच.

"वृंदा, आपण भिंत काढली आणि आता तू परत अडथळा घालणार? एका माणसाच्या झोपेसाठी?"

"हो. एका माणसाच्या झोपेसाठी."

"मासे?"

"मासे मधून जातील. दगड कडेला, बाईंच्या घराच्या भिंतीला लागून."

युटा आठवडाभर माझ्याशी कामापुरतंच बोलली. मग स्वतःच एक नकाशा घेऊन आली, त्यात दगडांची जागा हातभर सरकवलेली. "इथे चालेल," म्हणाली, "पण या वर्षी नाही." ते मलाही माहीत होतं. शरद ऋतूपासून वसंतापर्यंत नदीच्या तळाला हात लावायचा नाही, अंडी असू शकतात, हा नियम आम्हीच सगळ्यांना शिकवतो. म्हणजे पुढचा जुलै.

"जुलै?" लेनार्ट्सबाई फोनवर म्हणाल्या. "माझ्या वयाच्या बाईला तुम्ही जुलैचा वायदा करता?" पण मुलाला त्यांनी सांगितलं की जुलैपर्यंत मी इथेच आहे. त्यानंतर बघू.

बाबा नाशिकला परत गेले. दर रविवारी फोनवर पहिला प्रश्न, "त्या बाई झोपतात का?" मी सांगायचे, "नाही." मधेच कधीतरी माझ्या लक्षात आलं की मी आता त्यांना रेडिओ बारीक करायला सांगत नाही. 

नोव्हेंबरातल्या एका रविवारी सकाळी सकाळी माझा फोन वाजला. लेनार्ट्सबाई रागावलेल्या होत्या.

"फ्राऊ मोघे, कुणीतरी नदीवर गालिचा झटकतंय. उजाडायच्या आधीपासून. रविवारी!"

"गालिचा?"

"मग काय? धप्प, धप्प, धप्प. मग थांबतं. मग परत. मी खिडकीतून ओरडले, तरी थांबत नाही. पोलिसांना सांगणार होते, पण म्हटलं तुमची नदी आहे, आधी तुम्हाला सांगावं."

 मी युटाला फोन केला. ती नाइट ड्रेसवर कोट चढवून आली. गिरणीशी पोचलो तेव्हा धुकं होतं. आम्ही चोरपावलांनी काठाशी गेलो आणि ऐकलं. धप्प, धप्प, धप्प.

बाईंच्या खिडकीखाली, जिथे पूर्वी गढूळ डबकं होतं आणि आता गुडघाभर पाण्याखाली धुतलेले खडे चमकत होते, तिथे हाताएवढी लांब मासोळी कुशीवर वळून शेपटीनं तळ आपटत होती. खडे उडत होते, खळगा होत होता. अंडी घालायची जागा करत होती ती. मागे थोड्या अंतरावर एक नर, वाकड्या जबड्याचा, अंगावर लाल ठिपके. युटानं माझा दंड इतका घट्ट धरला की दुसऱ्या दिवशी वळ उठले. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. आपण हिला आणलं, असं मनात आलं आणि लगेच वाटलं, आपण कसलं आणतोय, आपण फक्त वाटेतून बाजूला झालो.

वर खिडकीत बाई शाल गुंडाळून उभ्या होत्या. मी हातानं खूण केली, ओरडू नका. मग आत जाऊन सांगितलं गालिचा कोण झटकतंय ते. त्या खुर्चीत बसल्या. म्हणाल्या, "भिंत असती तर ऐकू आलं नसतं."

"भिंत असती तर ती इथवर आलीच नसती."

"हो. पण आली असती तरी ऐकू आलं नसतं." त्यांचा मुद्दा वेगळा होता, तो मला जरा उशिरा कळला.

त्यानंतर त्यांचे फोन बदलले. काल दोन जोड्या होत्या. आज एक बगळा आला होता, मी चमचा फेकून मारला. एक नर काठाशी मरून पडला आहे, त्याचं काय करू? मी म्हटलं, तसाच राहू द्या, थकून मरतात बिचारे, नदी बघून घेईल. त्या म्हणाल्या, त्या माशापाशी जाऊन उभी राहिले होते मी. मोठा होता. युपला दाखवायला हवा होता. हे त्या रडत म्हणाल्या आणि मी ऐकत राहिले. युपचं नाव घेऊन त्या माझ्याशी पहिल्यांदाच रडत होत्या.

बाबांना मी हे सगळं सांगितलं. त्यांनी विचारलं, "झोपतात का?"

"फारशा नाही."

"मग दगड टाकायचेच आहेत."

दगड टाकायचेच होते. मुलाचा निरोप आला होता की वृद्धाश्रमाची खोली ऑगस्टमध्ये मिळते आहे, उत्तर लवकर द्यायचं आहे. मे महिन्यात फोनवर मी बाईंना जुलैची तारीख सांगितली तेव्हा त्या नुसत्या "या, या," म्हणाल्या. हो-हो म्हणायची त्यांची पद्धत.

जुलैत ठरल्या दिवशी पेटर्स आला. ट्रकवर तीन दगड, मी स्वतः खाणीत जाऊन निवडलेले. काठावर पोकलेन सुरू ठेवून तो वाट बघत बसला. बाईंचा मुलगाही र्युसेल्सहाइमहून आला होता. पन्नाशीचा, सज्जन, आईवर जीव असलेला माणूस. दगडांचा उपयोग झाला तर उत्तम, नाही तर तो त्याच दिवशी आईला खोली दाखवायला घेऊन जाणार होता. गाडीत त्यानं पुढची सीट मागे सरकवून उशी ठेवलेली मी बघितली.

काम सुरू करायच्या आधी तिथले मासे पकडून दुसरीकडे सोडायचे, हा रिवाज. युटा पाठीवर बॅटरी घेऊन पाण्यात उतरली. सौम्य विजेनं मासे क्षणभर गुंगतात आणि जाळीत येतात, त्यांना काही होत नाही. दोन-तीन वेळा जाळी फिरवून तिनं पांढरं घमेलं काठावर आणून ठेवलं. त्यात करंगळीएवढी पिल्लं होती. अंगावर दोन्ही बाजूंनी एका ओळीत निळसर डाग, ओल्या बोटांनी कुणी उचलून ठेवल्यासारखे.

"नोव्हेंबरची," युटा म्हणाली. "इथलीच."

लेनार्ट्सबाई चपलांतच काठावर आल्या. मुलानं कोपर धरलं होतं. त्यांनी खाली वाकून घमेल्यात बघितलं.

"यांना कुठे नेणार?"

"खाली, पुलापलीकडे," युटा म्हणाली. "चांगली जागा आहे. दगड बसले की वर्षा-दोन वर्षांत दुसरी येतील इथे."

"यांचं घर हे आहे ना?"

"हो, पण..."

"यांना विचारलंत?"

युटानं माझ्याकडे बघितलं. मी बाईंच्या जवळ गेले आणि म्हटलं, "तुमच्यासाठीच चाललंय हे. दगड बसले की आवाज येईल. अगदी पूर्वीसारखा नाही, पण येईल. झोप लागेल तुम्हाला."

"झोप कमीच लागते, मुली," त्या म्हणाल्या. मला त्या पहिल्यांदाच मुली म्हणाल्या. "आधी नुसती पडून असायचे. आता ऐकत पडते. पहाटे ही पोरं पृष्ठभागावर येऊन माशा खातात, टिप टिप वाजतं. युप नाही हे ऐकू येतं, तेही येतं. सगळंच येतं आता. तुमच्या दगडांनी परत काही ऐकू येणार नाही."

मुलगा हळूच म्हणाला, "आई, मग खोलीचं काय सांगू त्यांना? आज जायचं ठरलं होतं आपलं."

बाईंनी त्याच्या हातातून आपलं कोपर सोडवून घेतलं. घमेलं दोन्ही हातांनी उचललं, पाणी एप्रनवर हिंदकळलं, आणि त्या चपलांसकट नदीत उतरल्या. मी आणि मुलगा दोघंही धावलो, पण त्यांनी हातानंच थांबवलं. कडेचा उथळ भाग त्यांना पाठ होता. घमेलं त्यांनी पाण्यात टेकवलं आणि हळूहळू आडवं केलं. पिल्लं निघून गेली.

"सांग त्यांना," पाण्यात उभ्या राहून त्या म्हणाल्या, "इथून कुणीही हलणार नाही."

पेटर्सनं कुणालाही न विचारता पोकलेन बंद केला.